तारामतीचा पार्ट आणि लाईव्हचा कॅमेरा: कंपनीने काय ठरवावं?

स्त्रीपार्टी_वेंगुर्ला

नमस्कार मंडळी. मी दशावतारात स्त्रीपार्ट करतो, एकवीस वर्षं झाली. कार्तिकातल्या जत्रांना आमचा हंगाम सुरू होतो तो पाऊस दारात येईपर्यंत. प्रश्न एका ओळीचा आहे, पण आमच्या नाटक कंपनीत त्यावरून दोन तट पडलेत. जत्रेतल्या नाटकाचं यूट्यूबवर लाईव्ह चालू द्यावं की बंद करावं? आणि चालू ठेवायचं तर कुठल्या अटीवर?

ज्यांनी दशावतार पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. आमच्या तळकोकणातलं हे रात्रभराचं लोकनाट्य. पालखीची प्रदक्षिणा आटपली की मध्यरात्रीच्या सुमाराला नाटक उभं राहतं. आधी गणपती, रिद्धी-सिद्धी, सरस्वती, संकासूर असा पूर्वरंग, मग आख्यान. लिहिलेली संहिता नसते. रंगायला, म्हणजे तोंडाला रंग लावायला, बसलो की नाईक (कंपनीचा म्होरक्या) कथा सांगतो: कोण कधी येणार, कोणाची गाठ कोणाशी, युद्ध कुठे. बस. पुढचं सगळं समोरच्या पार्टाला (नटाला) उत्तर देता देता तिथेच तयार होतं. मांडवात एक बाकडं, एका अंगाला पायपेटी, मृदंग आणि झांज. ते बाकडंच सिंहासन, तेच डोंगर, तेच रथ. उजाडेपर्यंत माणसं बसलेली असतात, पोरं आईच्या मांडीवर झोपलेली असतात, आणि आमच्या प्रत्येक वाक्यावर खालून हुंकार येतो तरी किंवा येत नाही तरी. पुढचं वाक्य त्यावर ठरतं.

लाईव्ह आम्हीच सुरू केलं, हे कबूल करतो. मार्च २०२० मध्ये हंगाम अर्ध्यावर तुटला. पुढच्या हंगामात जत्रांना गर्दी करायची नाही असं होतं, म्हणून एकदा रिकाम्या मांडवात नाटक केलं. समोर एक तिपाई, वर मोबाइल. मी सवाल टाकायचो, खालून हूं की चूं नाही. तरी मुंबईहून फोन आले, बिदागी आली, घरात चूल पेटली. त्या कॅमेऱ्याचे उपकार मी विसरलेलो नाही.

आता प्रत्येक नाईटला, म्हणजे प्रयोगाला, कोणीतरी कॅमेरा घेऊन येतो. कधी कंपनीला विचारतात, कधी देवस्थान कमिटीला विचारून मोकळे होतात. परवा एका गावात राक्षसपार्टाने एक छान सवाल टाकला, मी जबाब द्यायला तोंड उघडलं, तर पुढच्या रांगेतून एक पोरगा ओरडला, "ह्यां मिया काल मोबायलार बगलंय!" माझा जबाब त्याला आधीच ठाऊक होता. मी तो गिळला आणि दुसरा शोधला. त्या रात्री सापडला. रोज सापडेल असं नाही. आमच्यातले दोन-तीन तरुण पार्टी, म्हणजे नट, तर आता व्हिडिओ बघूनच वाक्यं बसवून येतात. उच्चार स्वच्छ, पल्लेदार, पण मी वाट बदलली की ते तिथेच उभे राहतात.

हे सगळं एक वेळ सोसलं असतं. माझ्या मनात जे रुतलंय ते वेगळं आहे.

गेल्या माघात खाडीकाठच्या एका गावात हरिश्चंद्र-तारामतीचं आख्यान होतं. मी तारामती. रंगायला बसलो होतो, एक भुवई झाली होती, तेवढ्यात कमिटीतला एक माणूस येऊन कानात सांगून गेला. गावातला एक तरणा पोरगा दोन महिन्यांपूर्वी होडी उलटून गेला, आणि त्याची आई आज पुढेच बसलीय. आख्यानाचं नाव फलकावर लागलेलं. नाईक म्हणाला, "तू सांभाळून घे रे."

स्मशानात रोहिदासाला घेऊन तारामती येते आणि डोंबाच्या वेशातला हरिश्चंद्र घाटाचा कर मागतो. या जागी मी मोठा विलाप करतो. पेटी सूर धरते, मांडव रडतो. एकवीस वर्षांत ही जागा कधी फुकट गेलेली नाही. त्या रात्री मी विलाप केला नाही. बाकड्यावर निजवलेल्या रोहिदासाच्या पायाशी बसलो आणि म्हणालो, "कर देते महाराज, पण आधी याच्या पायाची माती पुसू द्या. खेळून घरी आला की मी रोज पुसायची." आणि पदराने पाय पुसत राहिलो. बोललो काहीच नाही. मृदंगवाल्याने दोन्ही हात मृदंगावर ठेवून दिले. पेटी थांबली.

खालून तिचा आवाज आला. "पूस गे बाय, पूस."

आमच्याकडे राजा-राणी शुद्ध, भारदस्त मराठी बोलतात. तारामतीच्या तोंडी मालवणी कधी येत नाही. पण माझ्या तोंडून आलं, "पुसतंय गे आये." मग डोंबाचं काम करणाऱ्यालाही कर मागवेना. तो नुसता काठी टेकून उभा राहिला. किती वेळ गेला कोण जाणे. दोन-अडीचशे माणसं होती, कोणी खोकलंसुद्धा नाही.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ते सगळं चाळीस सेकंदांचं होऊन व्हॉट्सॲपवर फिरत होतं. मागे सिनेमातलं दुःखी गाणं. माझं वाक्य अर्धं तोडलेलं. आणि कॅमेरा माझ्यावर नव्हताच, तिच्या तोंडावर जवळ नेलेला. वर मोठी अक्षरं: खऱ्या आईचे खरे अश्रू. तिचा थोरला मुलगा मला फोनवर एवढंच म्हणाला, "मामा, आयेक कित्याक दाखवलात?" मी दाखवलं नव्हतं. पण त्याला काय सांगणार? चॅनेलवाल्याला हात जोडले तेव्हा त्याने क्लिप काढली. तोवर ती गावोगाव गेली होती.

आता कंपनीतले तरुण म्हणतात, लाईव्हमुळे सुपाऱ्या येतात, नाव होतं, २०२५ मध्ये दशावतारावर सिनेमा आल्यापासून तर बाहेरचे लोकही शोधत येतात. जुने म्हणतात, बंद करा. मी कुठल्याच बाजूला नीट बसत नाही. तुम्ही प्रेक्षक आहात, काही जण तांत्रिक बाजू जाणता. मनापासून सांगा.

---

रात्रपाळी_नालासोपारा

दादा, बंद करू नका. पाया पडते.

मी हॉस्पिटलात नर्स आहे. माहेर कुडाळ तालुक्यातलं. बाबांना अर्धांग होऊन चार वर्षं झाली, बोलणं गेलंय जवळजवळ. ते माझ्याकडेच असतात. जत्रेच्या रात्री माझी पाळी नसेल तर मी टीव्हीला मोबाइल जोडते आणि आम्ही दोघं बघतो. पेटीचा पहिला सूर आला की त्यांची चांगल्या हाताची बोटं पलंगाच्या कठड्यावर ठेका धरतात. डॉक्टरांच्या व्यायामाला जी बोटं हलत नाहीत ती हलतात.

गंमत म्हणजे माझा चुलतभाऊ मांडवात बसून फोन चालू ठेवतो. मांडवातलं हसू आधी फोनवर ऐकू येतं, आणि अर्ध्या मिनिटाने तोच विनोद आमच्या टीव्हीवर होतो. बाबांना ते कळतं. फोनमधून हसू आलं की ते टीव्हीकडे बघून वाट बघतात.

एक गोष्ट तुम्हाला उपयोगी पडेल. कॅमेरावाल्याने एकाच्या तोंडावर कॅमेरा नेला की बाबा चिडतात. जीभ जड आहे, तरी तेवढं म्हणतात, "बाकडा खंय गेला?" त्यांना सगळं दिसायला हवं असतं. मृदंगवाला, झांजवाला, समोरची डोकी, तुळशीवृंदावन. त्या बाईंचं तोंड दाखवून कोणाला काय मिळालं? मी रोज रडणारे नातेवाईक बघते. आम्ही पडदा ओढून घेतो, ते आमच्या कामातच येतं.

---

तिपाई_कुडाळ

मी जत्रांचं लाईव्ह करतो. ती क्लिप माझी नाही, पण धंदा माझाच आहे, म्हणून वाचून बरं वाटलं नाही.

ताई म्हणतात तो उशीर यूट्यूबच्या नेहमीच्या सेटिंगचा. चित्र आमच्याकडून वर जातं, तिथे तुकडे होतात, मग तुमच्याकडे उतरतं. कमी उशिराचं सेटिंग आहे, पण गावात टॉवरचा भरवसा नसतो. ते लावलं तर चित्र अडकत राहतं. म्हणून मी मुद्दाम लावत नाही.

आता दादांच्या प्रश्नाकडे. बंद की चालू यापेक्षा कॅमेरा कुठे आणि कोणाच्या हातात, हे ठरवा. मी सुरुवातीला फिरता कॅमेरा ठेवायचो. चॅटमध्ये लोक "जवळून दाखवा" म्हणायचे, मी दाखवायचो. नंतर माझंच रेकॉर्डिंग बघताना कळलं की युद्धात एकाचं तोंड दाखवता दाखवता दुसऱ्याची तलवार कुठे आहे तेच दिसत नाही. दशावतारात जो बोलत नाही तोही काम करत असतो. तुमचा काठी टेकून उभा राहिलेला डोंब त्या क्लिपमध्ये होता का? नसणारच. आता मी मांडवाच्या मागच्या खांबाशी उंचावर एक स्थिर कॅमेरा ठेवतो. प्रेक्षकांची फक्त डोकी मागून येतात, तोंडं येत नाहीत.

काही बारीक गोष्टी ज्या कंपनीने कॅमेरावाल्याकडून मागून घ्याव्यात. शटर सेकंदाच्या पन्नासाव्या किंवा शंभराव्या भागावर ठेवायला सांगा. आपली वीज पन्नास हर्ट्झची, भलतंच काही ठेवलं तर ट्यूबच्या उजेडात चित्रावर पट्टे फिरू शकतात. एक्स्पोजर हाताने बांधायला सांगा, नाहीतर काळ्या रात्रीमुळे कॅमेरा आपणहून उजेड वाढवतो आणि रंगवलेली तोंडं चुन्यासारखी पांढरी होतात. आवाज नुसत्या मोबाइलच्या माइकवर घेऊ देऊ नका. त्यातली गोंगाट कमी करायची सोय झांजेलाच गोंगाट समजते आणि मृदंगाची थाप खाऊन टाकते. मिक्सरमधून एक वायर घ्यायची आणि एक माइक प्रेक्षकांच्या बाजूला टांगायचा. तो हुंकार घरी बसलेल्याला ऐकू गेलाच पाहिजे. त्याच्याशिवाय तुमचं नाटक म्हणजे एकट्याने बडबडणं वाटतं.

आणि मुख्य मुद्दा. यूट्यूबवर बघणारा माणूस पाच ते साठ सेकंदांची क्लिप तिथल्या तिथे कापू शकतो. ही सोय चॅनेलच्या सेटिंगमध्ये बंद करता येते. शॉर्ट्समध्ये दुसऱ्याने तुकडा वापरायचा, तेही बंद होतं. लाईव्ह बारा तासांच्या आतलं असेल तर ते आपोआप साठून राहतं. ते लगेच खाजगी करता येतं. तुमचा जबाब उद्याच्या गावात आधी पोचू नये असं वाटत असेल तर हाच उपाय. ज्याला बघायचंय त्याने त्या रात्री जागावं. कोणी मोबाइलवर मोबाइल धरून रेकॉर्ड केलं तर ते थांबवता येत नाही, हे खरंच सांगतो. पण बहुतेक क्लिपा आळशी माणसं करतात, सोय नसली की करत नाहीत.

---

नमनवाला_संगमेश्वर

आमच्या नमनात, म्हणजे शिमग्यातल्या रात्रभराच्या लोकनाट्यात, हे यंत्राचं प्रकरण वेगळ्या वाटेने आलं. मुंबईच्या नाट्यगृहात प्रयोग करायचा म्हणजे रात्रभराचं नमन तीन तासांत. मागे एलईडीचा पडदा, त्यावर समुद्र, राजवाडा. गौळणीला रेकॉर्ड केलेला ट्रॅक. ट्रॅक लागला की मृदंगवाला फक्त हात हलवतो. गेल्या शिमग्यात गावच्या मांडावर वीज गेली. आमचा एक तरुण मृदंगवाला घाबरला, त्याला ट्रॅकशिवाय वाजवायची सवयच राहिली नव्हती. शेवटी साठीच्या काकांनी मृदंग ओढून घेतला आणि बॅटरीच्या उजेडात गौळण झाली. तेव्हापासून आम्ही ठरवलंय, गावात ट्रॅक नाही. मुंबईत नाइलाज.

---

वकील_सावंतवाडी

तुमची बाजू कायद्यात तुम्हाला वाटते त्यापेक्षा भक्कम आहे. कॉपीराइट कायदा, १९५७, कलम ३८. त्यात प्रयोग करणाऱ्याचा स्वतःचा हक्क आहे आणि 'प्रयोग करणारा' या व्याख्येत नट, गायक, वादक, नर्तक यांच्याबरोबर कसरतपटू, जादूगार आणि गारुडीसुद्धा येतात. संहिता लिहिलेली असावी लागते असं कुठेही नाही. प्रयोगाचं चित्रण करू देणं, ते लोकांपर्यंत पोचवू देणं, हा हक्क तुमचा. २०१२ च्या दुरुस्तीने कलम ३८अ आणि ३८ब आली. मुदत प्रयोगाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून ५० वर्षं. म्हणजे देवस्थान कमिटी जागेची परवानगी देऊ शकते, तुमच्या पार्टाची नाही.

३८ब प्रमाणे तुमच्या प्रयोगाची मोडतोड करून तुमच्या नावाला बाधा आणली तर तुम्ही हरकत घेऊ शकता. वेळेत बसवण्यासाठी केलेली साधी काटछाट मात्र त्यात धरत नाहीत. वर गाणं चिकटवणं आणि वाक्य अर्धं तोडणं ही काटछाट नव्हे, असं मी मांडेन. स्वतःच्या खाजगी वापरासाठी किंवा शिकवण्यासाठी केलेलं रेकॉर्डिंग आणि बातमीपुरता तुकडा, याला कायद्याची मुभा आहे, तेव्हा प्रत्येक मोबाइलवर धावून जाऊ नका.

सुपारीच्या कागदावर चार ओळी वाढवा: चित्रण कंपनीच्या लेखी संमतीशिवाय नाही, व्हिडिओ किती दिवस राहणार, पैसे आले तर वाटणी कशी, आणि प्रेक्षकांचे चेहरे घ्यायचे नाहीत. शेवटची ओळ मी मुद्दाम सांगतो, कारण त्या आईला कलम ३८ लागू होत नाही. ती कायद्याच्या दृष्टीने कलाकार नाही. यूट्यूबकडे खाजगीपणाची तक्रार करता येते, पण ती सहसा तिलाच करावी लागते. दुःखात बसलेल्या बाईला फॉर्म भरायला लावायचं? त्यापेक्षा तुमच्या कागदात तिची सोय करा.

---

जुना_मृदंग_मालवण

लेका, मी तुझ्याहून तीस वर्षांनी मोठा. गॅसबत्तीच्या उजेडात वाजवलंय. तेव्हा रंग जाड लागायचा, आवाज मांडवाबाहेर फेकावा लागायचा. मग वरून टांगलेला माइक आला. सगळ्यांना आनंद झाला, घसा वाचला. पण काय झालं सांगतो: सगळे पार्टी त्या माइकखाली गोळा झाले. आधी राजा देवळाच्या पायरीवरून बोलत यायचा, राक्षस माणसांतून वाट काढत यायचा. माइक आला आणि मांडवाचा तीन हात चौकोन तेवढा उरला. पंधरा-वीस वर्षं आम्ही त्या चौकोनात नाटक केलं आणि ते कोणी ठरवलं नव्हतं. आता कॉलरचा माइक आलाय, पोरं पुन्हा फिरायला लागलीत, तर दागिने माइकला घासून खरखर होते म्हणून गळ्यात माळा कमी घालतात. यंत्र आलं की ते आपली जागा मागतं. ती किती द्यायची हे आपण बोलून ठरवलं नाही तर ते घेतं तेवढी घेतं.

पडदा आपल्याकडे नवा नाही. कुडाळजवळच्या पिंगुळीच्या ठाकर कलावंतांकडे जाऊन बघ. चामड्याची बाहुली, पुढे पांढरं कापड, मागे दिवा, आणि दिव्यापाशी माणूस. चित्रकथीत एकेक चित्र समोर धरतात आणि गोष्ट गातात. तिथल्या परशुराम गंगावणेंना त्यासाठी २०२१ ची पद्मश्री मिळाली. पण तिथे चित्र दाखवणाराही त्याच खोलीत बसलेला असतो. पोर रडायला लागलं तर तो राक्षसाचं चित्र लवकर फिरवतो. तुझा कॅमेरावाला मांडवात होता ना? मग त्याला ते कळायला हवं होतं. कॅमेरावाल्यालाही रंगायच्या वेळी बोलावून बसवा. नाईक कथा सांगतो तेव्हा त्यानेही ऐकावी. कोण गेलंय, कोण पुढे बसलंय, हे त्याच्याही कानावर पडू दे.

आणि त्या रात्री मृदंगवाल्याने हात ठेवून दिले, ते वाचून मला भरून आलं. ते शिकवता येत नाही. त्याला माझा नमस्कार सांग.

---

स्त्रीपार्टी_वेंगुर्ला

सगळ्यांचे आभार. दोन दिवस उत्तर दिलं नाही कारण नाईट होत्या.

काका, तुमचा नमस्कार पोचवला. त्याने कान पकडले. तुमची गोष्ट मी रंगपटात मोठ्याने वाचून दाखवली आणि कॅमेरावाल्याला रंगायच्या वेळी बसवायचं, हे जुन्या-नव्या दोन्ही तटांना एकदम पटलं. कागदाच्या चार ओळी वकीलसाहेबांनी सांगितल्या तशाच घालतोय. व्हिडिओ किती दिवस ठेवायचा यावर वाद झाला. तरुण म्हणाले आठ दिवस, मी म्हटलं उजाडल्यावर बंद. तूर्त पूर्वरंग कायम ठेवायचा आणि आख्यान सकाळी खाजगी करायचं, असं जमलं. पूर्वरंग सगळीकडे सारखाच असतो, तो शिकणाऱ्यांनी बघावा. आमच्या तरुण पार्ट्यांसाठी मी दुपारी एक तास सवाल-जबाबाला बसणार आहे, मोबाइल बाहेर ठेवून.

काल त्या गावावरून जायचं होतं, वाट वाकडी करून त्यांच्या घरी गेलो. थोरल्या मुलाने चहा दिला. मी माफी मागितली. आई अंगणात सुकट निवडत होती. तिने माझ्याकडे नीट बघितलं. साडी, दागिने नसताना ओळख पटायला तिला वेळ लागला. मग म्हणाली, "त्या दिवशी तुका थंड लागला आसतला, खाली जमनीर बसल्लंस." क्लिपबद्दल ती काही बोलली नाही, मीही काढलं नाही.

ताई, पुढच्या सोमवारी तुमच्या माहेरच्या बाजूला नाईट आहे, तिपाईवाले दादाच येतायत. कॅमेरा मागच्या खांबाशी असेल. उजव्या खांबाशी लावला तर बाकडं पूर्ण दिसतं पण झांजवाला झाकला जातो. डाव्या खांबाशी लावला तर वादक सगळे दिसतात, बाकड्याचं एक टोक जातं. बाबांना काय हवं ते विचारून सोमवारच्या आत कळवा.